चैत्रातलं हळदीकुंकू: साडेपाचपासून मागे मोजत

चैत्रात पाच-सहा घरी तरी माझं हळदीकुंकवाला जाणं होतं, आणि जवळजवळ प्रत्येक घरी तेच दिसतं. डाळीला पाणी सुटलेलं, पन्हं कोमट, डाव्या हाताने पदरातले ओले हरभरे सावरत उजव्या हातात वाटी, आणि जिच्याकडे आलो ती घामाघूम होऊन आत मिक्सरपाशी. यातली एकही गोष्ट करायला अवघड नाही. बिघडतात त्या वेळा. काही कामं फार लवकर होतात, काही फार उशिरा, आणि चैत्राचं ऊन चुकलेला तास माफ करत नाही.

म्हणून पहिली बाई दारात येण्याची वेळ ठरवायची आणि तिथून मागे मोजत यायचं. खालचा हिशोब ४० जणींचा आहे. घर दोन खोल्या-स्वयंपाकघराचं, मदतीला दोन माणसं, वेळ संध्याकाळी साडेपाच ते साडेआठ. तुमच्या घराची रीत थोडी वेगळी असेल; ती ठेवा आणि वेळा इथून घ्या.

साधारण वेळापत्रक असं:

- आदल्या दिवशी दुपारी: कैऱ्या उकडून पन्ह्याचा गर
- आदल्या रात्री ९: अख्खे हरभरे भिजत
- सकाळी १०: हरभऱ्याची डाळ भिजत
- दुपारी २.३०: डाळ उपसणं
- ३ ते ३.३०: डाळ भरडणं (मीठ आणि कैरी नाही)
- ४: फोडणी करून गार करायला ठेवणं
- ४.४५: पन्ह्यात पाणी
- ५.१५: अर्ध्याच डाळीत कैरी आणि मीठ
- ६.४५: उरलेल्या अर्ध्या डाळीत

## १. दिवस आणि बोलावणं

चैत्र शुद्ध तृतीयेला गौर बसते ती अक्षय्य तृतीयेपर्यंत असते. म्हणजे हातात जवळजवळ महिना असतो, तरी सगळ्यांना शेवटचा शुक्रवारच हवा असतो. मंगळवार-शुक्रवारचा आग्रह असेल तर आधी इमारतीतल्या आणखी कुणाचा तोच दिवस नाही ना, हे विचारून घ्या. एका संध्याकाळी दोन मजल्यांवर दोन हळदीकुंकवं झाली की दुसऱ्या घरची डाळ उरते. नोकरी करणाऱ्या जास्त असतील तर शनिवार-रविवार घ्यायलाही काही हरकत नाही.

वेळ ठरवताना शेवटच्या येणारीचा विचार करा. आमच्याकडे डोंबिवलीत ऑफिसमधून लोकलने येणाऱ्या साडेसातच्या आत पोचत नाहीत. "साडेपाच ते सात" असं कळवलं तर त्या येतच नाहीत, किंवा चपलांचा ढीग उठल्यावर ओशाळून येतात.

बोलावणं दोनदा करायचं. चार दिवस आधी एक निरोप, व्हॉट्सॲपवर चालेल. आदल्या संध्याकाळी मात्र निदान आपल्या मजल्यावर आणि खालीवर करंडा घेऊन स्वतः जायचं. दारातच कुंकू लावून "वहिनी, उद्या साडेपाचनंतर केव्हाही या, सासूबाईंनाही घेऊन या" एवढं म्हटलं की झालं. नुसता ग्रुपवर टाकलेला मेसेज पंचवीस अंगठ्यांखाली गाडला जातो आणि नव्याने राहायला आलेलीला तो आपल्यासाठी होता की नाही, हेच कळत नाही.

कुणाला बोलवायचं, हे प्रत्येक घराने ठरवावं. माझ्यापुरतं सांगते: नवरा नाही म्हणून एखादीला वगळणं मी फार वर्षांपूर्वी सोडलं. सगळ्यांना एकच विचारणं, "कुंकू लावू का?" जी नको म्हणेल तिला चंदनाचं गंध, बाकी सगळं सारखंच. दुसऱ्या धर्माच्या शेजारणीलाही हेच लागू. घरकामाला येणाऱ्या ताईंना बोलावलं असेल तर त्यांनाही बाहेरच्याच सतरंजीवर बसवा. आत ओट्यापाशी हातात वाटी देणं हे बोलावणं नव्हे.

पाहून घ्या: बोलावलेल्या बायका मोजू नका, वाट्या मोजा. चारजणी येणार नाहीत, पण दुसऱ्या चौघी पोरं घेऊन येतील.

## २. सामान, मापं आणि उसन्या वाट्या

४० वाट्यांसाठी मला हे पुरतं:

- हरभऱ्याची डाळ १ किलो. भिजून ती दुपटीच्या जवळ जाते. कैरी-खोबरं मिळून अडीच किलोच्या आसपास डाळ होते. म्हणजे वाटीला साठ ग्रॅम.
- अख्खे हरभरे सव्वा किलो. भिजल्यावर प्रत्येकीला एक चांगली मूठ.
- डाळीसाठी कैरी ४०० ते ६०० ग्रॅम, पन्ह्यासाठी वेगळी १ किलो.
- गूळ १ किलो, नारळ एक मोठा, हिरव्या मिरच्या १५ ते २०, कढीलिंब, हिंग, मोहरी.
- काकडी किंवा कलिंगड, मोगऱ्याचे गजरे, अत्तर, गुलाबपाणी, हळद-कुंकू, कागदी पिशव्या ५०.

कैरीचं माप मुद्दाम सैल ठेवलं आहे. तोतापुरी बेताची आंबट असते, तिची ६०० ग्रॅम लागते. रायवळ दात आंबवणारी असेल तर ४०० पुरे. चैत्राच्या सुरुवातीच्या कैऱ्या कोवळ्या असतात आणि त्यांची कोयही सुरीने कापली जाते. महिना सरता सरता त्यांत धागे येतात. पाककृतीत लिहिलेल्या "दोन कैऱ्या" यावर विसंबू नका, एक फोड चाखून माप ठरवा.

गजरे सकाळी उमललेले घेतलेत तर संध्याकाळी ते तपकिरी होतात. बंद कळ्यांचे मागा, ओल्या फडक्यात किंवा केळीच्या पानात गुंडाळून फ्रिजच्या खालच्या कप्प्यात ठेवा. पाच वाजता बाहेर काढले की बायकांच्या केसांत उमलतात.

आता वाट्या. एका घरात सारख्या ४० वाट्या आणि ४० छोटे पेले नसतातच. शेजारून मागवायच्या असतील तर आदल्या दिवशीच आणा आणि कुणाकडून किती, ते कागदावर लिहा. पूर्वी प्रत्येक भांड्यावर नाव घातलेलं असायचं. आता नसतं, म्हणून एकेका घरच्या वाट्यांना तळाशी वेगवेगळ्या रंगाच्या नेलपॉलिशचा ठिपका द्या. परत करताना तो निघतो. पळसाचे द्रोण डाळीला उत्तम. पन्ह्याला मात्र ते चालत नाहीत, शिवणीतून गळतात आणि साडीवर पिवळा डाग पडतो.

जपा: कैरीचं काहीही बिनकल्हईच्या पितळी किंवा तांब्याच्या भांड्यात ठेवू नका. देवापुढे शोभतं म्हणून एका वर्षी मी पन्हं आजीच्या पितळी घागरीत काढलं. कल्हई कधीच गेली होती, तासाभरात पन्ह्याला धातूची चव आली आणि चार लिटर ओतून द्यावं लागलं. स्टील, काच, चिनीमाती, मातीचा माठ, एवढीच घ्या.

## ३. आदला दिवस: हरभरे आणि पन्ह्याचा गर

हरभरे आणि डाळ एकाच वेळी भिजवणं ही सगळ्यात जास्त वेळा होणारी चूक. अख्ख्या हरभऱ्याला आठ ते दहा तास हवेत, डाळीला चार-साडेचार. दोन्ही रात्री भिजवलीत तर सकाळी डाळीला वास येतो. दोन्ही सकाळी भिजवलीत तर संध्याकाळी हरभरे दाताखाली कडक लागतात.

हरभरे निवडून, दोनदा धुऊन, रात्री नऊला तिप्पट पाण्यात घाला. सकाळी सातला पाणी बदला. दुपारी उपसून चाळणीत ठेवा आणि तीनच्या सुमारास स्वच्छ पंचावर पसरा. ते ओलसर हवेत, ओले नव्हेत. एकदा घाईत मी चाळणीतून थेट ओटी भरली आणि शेजारच्या काकूंच्या रेशमी पदरावर पाण्याचा डाग उमटला. त्या काही बोलल्या नाहीत. तो पदर मला अजून दिसतो.

पन्ह्यासाठी १ किलो कैऱ्या धुऊन, देठाचा चीक पुसून, सालासकट कुकरमध्ये वरच्या भांड्यात ठेवा. भांड्यात पाणी घालू नका. दोन शिट्ट्या पुरतात. जून कैरी असेल तर तीन. थोड्या निवल्या की साल काढून गर कोयीपासून सोडवा आणि वाटीने मोजा. एक वाटी गराला दीड वाटी चिरलेला गूळ, रायवळ असेल तर दोन. गर कोमट असतानाच गूळ त्यात विरघळवा आणि सगळं चाळणीवरून घासून काढा. गुळात हमखास बारीक कचकच असते, ती जिभेला लागली की बाकीच्या पन्ह्यावरची वासना जाते. आठ-दहा वेलदोड्यांची पूड आणि कोमट पाण्यात खललेलं केशर आत्ताच घाला. रात्रभरात वास मुरतो. घट्ट गर स्टीलच्या डब्यात फ्रिजमध्ये. पाणी उद्या.

पाहून घ्या: घट्ट गर चमच्याच्या टोकावर घेतला तर खाववणार नाही इतका गोड-आंबट हवा. आत्ताच बरा लागला, तर उद्या तिप्पट पाण्यात तो हरवेल.

## ४. सकाळ: गौर, जागा, वाट

गौरीची आरास सकाळीच उरका, दुपारनंतर हात मोकळे राहत नाहीत. पाळणा पुसून, गौरीला ताजं फूल-वस्त्र, पुढे फळं, घरात असेल तो फराळ, दारात चैत्रांगण. चैत्रांगणाला वेळ लागतो. ते उंबरठ्याला लागून काढू नका, एका बाजूला काढा, नाहीतर पाचव्या बाईच्या पावलाखाली कासव आणि चंद्र-सूर्य एक होतात.

मग बसण्याची जागा. दोन खोल्यांत गर्दी होते ती माणसांमुळे कमी आणि येणाऱ्या-जाणाऱ्या समोरासमोर आल्यामुळे जास्त. म्हणून गौर दारासमोरच्या कोपऱ्यात न ठेवता थोडी आत ठेवा. दारातून आलेली बाई आधी गौरीपाशी, तिथून सतरंजीवर, आणि निघताना दाराजवळच्या छोट्या टेबलापाशी. ओटीचं सामान त्या टेबलावर. का, ते सातव्या टप्प्यात सांगते. गुडघे दुखणाऱ्यांसाठी चार खुर्च्या भिंतीला लावा आणि त्या तरुण मुलींनी आधीच अडवल्या नाहीत ना, हे कुणाला तरी बघायला सांगा.

पंखा आणि समई यांचं वैर आधीच मिटवा. पंखा लावला की समई विझते आणि कोयरीतली हळद उडते. बंद केला तर बायका पदराने वारा घेत बसतात. समई पंख्याच्या झोताबाहेर, भिंतीच्या आडोशाला ठेवून सकाळीच पंखा पूर्ण वेगावर लावून बघा. गुलाबदाणीची भोकंही सकाळीच तपासा, वर्षभरात ती बुजलेली असतात.

मदतीच्या दोघांना आत्ताच कामं वाटून द्या: एक स्वयंपाकघरात वाट्या भरायला, एक बाहेर नेऊन द्यायला आणि रिकाम्या उचलायला. घरातल्या पुरुषांना हे काम छान जमतं. यजमानीण बाहेरच राहील. ती आत गेली की बाहेरच्या बायका "मी येऊ का मदतीला?" म्हणत एकेक उठून आत येतात आणि मग ओट्यापाशी सातजणी उभ्या राहतात.

## ५. डाळ

इथे घाई करू नका, बहुतेकींची डाळ याच टप्प्यावर बिघडते.

भिजवणं. सकाळी दहाला डाळ तीन-चार पाण्यांनी धुऊन भिजत घाला. बाराला पाणी बदला. उन्हाळ्यात भिजवणीच्या पाण्यावर लवकर फेस धरतो. थोडा फेस दिसला तर धुऊन टाका, पण आंबूस वास आला असेल तर ती डाळ कच्ची वापरू नका. वाटून वडे तळा आणि दुसरी भिजवा. म्हणूनच अर्धा किलो डाळ जास्तीची घरात असावी.

पाहून घ्या: अडीच वाजता एक दाणा नखाने दाबा. तो सरळ मोडला पाहिजे आणि आत कोरडा पांढरा ठिपका दिसता कामा नये.

उपसणं. चाळणीत दहा मिनिटं, मग पंचावर वीस मिनिटं. हे टाळणाऱ्यांची डाळ हमखास गिचका होते. दाण्याच्या अंगावरचं पाणीच मिक्सरमध्ये तिची पेस्ट करतं.

भरडणं. दोन मुठी डाळ, दोन-तीन मिरच्या, चिमूटभर हिंग. पाण्याचा थेंबही नाही. मिक्सर सलग फिरवू नका. झटका द्या, थांबा, चमच्याने खालीवर करा, पुन्हा झटका. तीन-चार झटक्यांत रव्यापेक्षा जाड, काही दाणे अर्धे राहिलेली भरड होते. भांडं भरून एकदम वाटायला गेलात की तळाशी लगदा आणि वर अख्खी डाळ. मूठभर भिजलेली डाळ न वाटता बाजूला ठेवा: एखादा घाणा फार बारीक झालाच तर तीच जाडसर फिरवून त्यात मिसळायची.

पाहून घ्या: भरड मुठीत दाबली तर मुटका वळावा, आणि बोटाने टिचकी मारली की फुटावा. फुटला नाही तर बारीक झाली आहे.

साडेतीनच्या आत हे संपवाच. पाच वाजता वाटायला घ्यायची आणि तेव्हाच वीज जायची, हे उन्हाळ्यात नवल नाही. भरड झाकून फ्रिजमध्ये. कैरी साल काढून किसा, झाकून वेगळी ठेवा. किसाचं पाणी पिळून टाकू नका, आंबटपणा त्यातच असतो. खोबरं खवून तेही वेगळं.

फोडणी. पाऊण वाटी तेल, दीड चमचा मोहरी, ती पूर्ण तडतडल्यावर हिंग, हळद, कढीलिंब आणि चार-पाच सुक्या मिरच्या. गॅस बंद. ही फोडणी गार होऊ द्यायची. कढत फोडणी कच्च्या डाळीवर ओतली की जिथे पडते तिथली डाळ अर्धवट शिजते आणि मऊ पडते. चारला केलेली फोडणी सव्वापाचपर्यंत निवते.

कालवणं. कैरी आणि मीठ एकत्र आलं की पाणी सुटायला लागतं, ते थांबवायचा उपाय नाही. उशिरा आणि थोडं-थोडं कालवणं, एवढंच आपल्या हातात. सव्वापाचला अर्धी भरड, अर्धा कीस, अर्धं खोबरं, अर्धी फोडणी. पूर्ण किलोला मीठ सपाट पाच चहाचे चमचे आणि साखर तीन मोठे चमचे. आत्ता त्याचं निम्मं. उरलेली अर्धी पावणेसातला, ऑफिसवाल्या येण्याआधी. त्यांना तुमची पहिल्या वाटीसारखीच डाळ मिळते.

नैवेद्याआधी चव न बघण्याची रीत असेल तर आणखी एक सोय आहे. मापाने कालवलेली पहिली वाटी न चाखता गौरीपुढे ठेवा, नैवेद्य दाखवा, आणि मग उरलेल्या डाळीची चव घेऊन मीठ-साखर सुधारा. "देवीला दाखवायचं म्हणून चाखली नाही" म्हणत अळणी डाळ चाळीस घरी पोचवण्याचं कारण उरत नाही.

लहान मुलांसाठी मिरचीआधीची थोडी भरड काढून त्यात खोबरं, साखर आणि चिमूट मीठ घाला. नाहीतर कलिंगडाच्या फोडी.

## ६. पन्हं

पावणेपाचला गराच्या तिप्पट थंड पाणी घाला. १ किलो कैरीच्या गरात सगळं मिळून पाच-सहा लिटर पन्हं होतं. लहान पेल्याने ४० जणींना एकेक आणि काहींना दुसरा. पाणी प्यायचं, गाळलेलं किंवा उकळून गार केलेलं. माठातलं असेल तर फारच छान, वाळ्याची जुडी टाकलेली असेल तर विचारूच नका. दीड चमचा मीठ घालून ढवळा.

बर्फ पन्ह्यात टाकू नका. सातपर्यंत तो वितळतो आणि शेवटच्या बायकांना पिवळसर पाणी मिळतं. पातेलंच बर्फाच्या परातीत ठेवा. बाजारचा लादीचा बर्फ पातेल्याबाहेर चालतो, आत कधीच नाही.

चव थंड झाल्यावर बघा. गारव्याने गोडी दबते, त्यामुळे कोमट असताना नेमकं वाटलेलं पन्हं गार झाल्यावर आंबट लागतं.

मधुमेह असणाऱ्या दोघी-तिघी असतातच. त्यांच्यासाठी आदल्या दिवशीच, गूळ घालण्याआधी, वाटीभर गर काढून ठेवा. भाजलेल्या जिऱ्याची पूड, सैंधव आणि पाणी घालून वेगळा तांब्या तयार ठेवा. त्या मागणार नाहीत, आपण विचारायचं.

## ७. बायका आल्यावर: क्रम

नेहमीची पद्धत अशी की बाई आली, हळदीकुंकू लावलं, लगेच ओटी भरली, मग डाळ-पन्हं दिलं. इथे माझा सरळ विरोध आहे. पदरात हरभरे, वर काकडी, एका हातात वाटी, दुसऱ्यात पेला. चमचा कुठल्या हाताने धरायचा? क्रम असा ठेवा:

१. दारात स्वागत, गौरीचं दर्शन, बसायला जागा, साधं पाणी. उन्हातून चार मजले चढून आलेलीला आधी पाणी हवं असतं.

२. हळद, मग कुंकू. कुंकवाने खाज येणाऱ्यांसाठी गंध आणि टिकल्यांचं पाकीट शेजारी. पुसायला छोटा रुमाल, कारण नाकावर सांडलेली हळद तिची तिला दिसत नाही.

३. अत्तराचा फाया मनगटाच्या मागच्या बाजूला, हाताला चंदन, गजरा. गुलाबपाणी हातावर किंवा थोडं वरून, चेहऱ्यावर नाही. गुलाबदाणी पोरांच्या हाती द्या, पण ती रंगपंचमी करत नाहीत ना यावर डोळा ठेवा. अत्तर विचारून लावा. काहींचं डोकं उठतं.

४. डाळ आणि पन्हं. वाट्या आधीपासून भरून रांगेत मांडू नका, दहा मिनिटांत वरचा थर सुकतो. चारजणी बसल्या की चार वाट्या. घाईत असणाऱ्यांना छोट्या डब्यात द्या आणि "घरी गेल्या-गेल्या खा" असं सांगा.

५. निघताना, दाराजवळच्या टेबलापाशी ओटी. मूठभर हरभरे, वर काकडी किंवा फळ. साडीवाली पदर पुढे करते, ड्रेसवाली ओढणी. जीन्स घातलेली मुलगी गोंधळते, तिच्यापुढे कागदी पिशवीच उघडी धरा. खरं तर सगळ्यांनाच पदरातून लगेच पिशवीत काढून घ्यायला पिशवी द्यावी.

जपा: सहा ते साडेसहाला एकदम गर्दी होते. तेव्हा हळदीकुंकू लावायला यजमानीण आणि ओटीला दुसरी कुणी, असे दोन हात वेगळे करा. एकटीने दोन्ही करायला गेलात तर दारात रांग लागते आणि जिन्यातल्या बायका अवघडून उभ्या राहतात.

आणि दोन मिनिटं कुणापाशी तरी बसा. कुणाच्या मुलीची परीक्षा, कुणाच्या सासऱ्यांचं ऑपरेशन, हे विचारायला माणसं वर्षातून एकदा आपल्या घरी येतात. यजमानीण सारखी उभी असेल तर बायकाही पेला संपवून लगेच उठतात.

## ८. साडेआठनंतर

कालवलेली डाळ रात्रभर टिकवायचा मोह सोडा. उरली असेल तर त्याच रात्री कढईत थोड्या तेलावर झाकण ठेवून परता. सकाळी पोळीबरोबर छान लागते. न कालवलेली भरड उरली तर वडे. हरभऱ्यांची दुसऱ्या दिवशी उसळ, पण ते रात्री उपसून फ्रिजमध्ये गेले पाहिजेत. पन्ह्यात पाणी घातलं असेल तर दुसऱ्या दिवशी संपवा. न मिसळलेला गर आठवडाभर फ्रिजमध्ये राहतो.

ज्यांना यायला जमलं नाही, त्यांच्याकडे रात्री नऊच्या आत वाटी पोचवा. उशीर झाला तर डाळ नेऊ नका, सकाळी नुसते हरभरे आणि फळ न्या.

उसन्या वाट्या दुसऱ्या दिवशीच परत. कागद बघून, ठिपके बघून, आणि रिकाम्या नाही: चार वड्या, मूठभर उसळ, काहीही. सगळ्या वाटून झाल्यावर एक वाटी उरते. तिला ठिपका नसतो, कागदावर तिची नोंद नसते, आणि चारही मजले "आमची नाही हो" म्हणतात. ती माळ्यावर ठेवा, पुढच्या चैत्रात एक कमी मागावी लागते.